फोर्स मारला, तरी पॉलिसी लागत का नाही?

प्रश्न थोडक्यात असा आहे. गोव्यात फोंड्याला मुख्य कार्यालय आणि तिथेच डोमेनचा (म्हणजे सगळ्या पीसींच्या एकत्रित कारभाराचा) सर्व्हर. मडगाव, साखळी आणि काणकोणला शाखा. त्यातल्या काणकोणला एक छोटा वेगळा डोमेन कंट्रोलर, म्हणजे डोमेन सांभाळणारा तसाच दुसरा सर्व्हर. सगळे मिळून साठेक पीसी. ऑडिट तोंडावर आले म्हणून पेनड्राइव्ह बंद करणारी ग्रुप पॉलिसी (सर्व्हरवर लिहून सगळ्या पीसींना लावायचा नियम) काल सकाळी लावली आणि दिवसभर प्रत्येक मशीनवर 'जीपीअपडेट /फोर्स' ही पॉलिसी ताजी करणारी कमांड मारत फिरलो. सगळीकडे 'अपडेट यशस्वी' असे आले. संध्याकाळी सर्वांना मशीन बंद करून जायला सांगितले. आज सकाळी पाहतो तर निम्म्या मशीनवर पेनड्राइव्ह खुशाल उघडतोय. सगळ्यांना एकदम जबरदस्तीने पॉलिसी लावणारी एखादी कमांड आहे का?

आहे, आणि ती मी खाली सांगतो. पण ती चालवून तुमच्या निम्म्या मशीनचे दुखणे जाणार नाही, म्हणून आधी दुखण्याकडे बघू.

जीपीअपडेट कोणालाही पॉलिसी पाठवत नाही, ही गोष्ट पहिल्यांदा डोक्यात बसवा. आपल्याकडे सकाळी पोंपों करत पोदेर दारात पाव घेऊन येतो. ग्रुप पॉलिसीचा सर्व्हर तसा पोदेर नाही. इथे पाव आणायला पीसीलाच बेकरीत जावे लागते. साधारण ९० मिनिटांनी एकदा तो आपणहून जातो, आणि त्यावर ० ते ३० मिनिटांची वाढ प्रत्येक मशीनला वेगवेगळी मिळते, नाहीतर सकाळी साडेनऊला एकाच वेळी चालू झालेले साठ पीसी दिवसभर एकाच वेळी सर्व्हरच्या दारात गर्दी करतील. डोमेन कंट्रोलर स्वतः मात्र दर ५ मिनिटांनी बघतो. नुसते 'जीपीअपडेट' मारले की पीसी लगेच बेकरीत जातो आणि बदललेले तेवढेच आणतो. 'जीपीअपडेट /फोर्स' म्हणजे घरात आहे तेही सगळे पुन्हा आण. बस, एवढाच फरक. बेकरीतच कालचा पाव असेल, किंवा यादीत त्याच्या घराचे नावच नसेल, तर तो जे मिळाले ते घेऊन आनंदाने परत येतो आणि सांगतो, काम यशस्वी.

तो संदेश खोटा नसतो. 'मी गेलो, विचारले, मिळाले ते लावले' एवढाच त्याचा अर्थ. 'तुमची पेनड्राइव्हची पॉलिसी लागली' असे त्याने कधीच म्हटलेले नसते.

/फोर्सची खरी गरज एकाच ठिकाणी पडते. पॉलिसीचा आवृत्ती क्रमांक बदललेला नसला तर पीसी ती पुन्हा लावायच्या भानगडीत पडत नाही. मधल्या काळात लोकल अ‍ॅडमिनचे हक्क असलेल्या कोणी रजिस्ट्रीत (विंडोजच्या सेटिंग्जच्या साठ्यात) हात घालून ती मोडली असेल, तर साध्या अपडेटला ते कळत नाही. तिथे /फोर्स हवा. सुरक्षेच्या सेटिंग्जचा भाग याला अपवाद, तो बदल नसतानाही दर १६ तासांनी पुन्हा लागतो. तुमचे प्रकरण यातले नाही. तुम्ही पॉलिसी नवी लावली आहे, म्हणजे साध्या जीपीअपडेटनेही ती यायला हवी होती. जी साध्याने आली नाही ती /फोर्सने येण्याची शक्यता जवळजवळ शून्य, आणि तीच कमांड पाचव्यांदा मारण्यात बोटांच्या व्यायामापलीकडे काही नाही.

(जुन्या माणसांसाठी: विंडोज २००० मध्ये जीपीअपडेट नव्हते. 'सेकएडिट /रिफ्रेशपॉलिसी मशीन_पॉलिसी /एनफोर्स' एवढे लांबलचक टंकावे लागे, आणि युजरच्या भागासाठी वेगळे. एक्सपीपासून सुटका झाली.)

आता न लागलेल्या मशीनपैकी कोणत्याही एकावर बसा आणि कमांड प्रॉम्प्ट 'रन अ‍ॅज अ‍ॅडमिनिस्ट्रेटर' करून उघडा. साध्या प्रॉम्प्टवर कॉम्प्युटरचा भाग दिसतच नाही, फक्त युजरचा दिसतो, आणि माणूस उगाच दुसऱ्याच रस्त्याला लागतो. तिथे 'जीपीरिझल्ट /आर' मारा. चार गोष्टी वाचा: पॉलिसी शेवटची कधी लागली, कोणत्या कंट्रोलरकडून लागली, लागलेल्या पॉलिसींची यादी, आणि गाळलेल्या पॉलिसींची यादी कारणासकट. सगळा तपास या चार जागांत आहे. तुमच्या तीसेक मशीनचे यावरून ढीग पडतील, आणि प्रत्येक ढिगाचे औषध वेगळे.

पहिला ढीग: लागलेल्यांच्या यादीत पॉलिसीचे नाव आहे, तरीही पेनड्राइव्ह उघडतो. माझा अंदाज विचाराल तर तुमच्याकडे हाच ढीग सर्वांत मोठा निघेल. तुम्ही लावलेले सेटिंग 'सिस्टम'खालच्या 'रिमूव्हेबल स्टोरेज अ‍ॅक्सेस' या फोल्डरमधले असणार. त्याच फोल्डरमध्ये रिस्टार्टसाठी ठरावीक सेकंदांची मुदत देणारे एक सेटिंग आहे. ते उघडून त्याची माहिती वाचा. सक्तीचा रिस्टार्ट दिला नाही तर प्रवेशबंदी मशीन रिस्टार्ट होईपर्यंत अमलात येत नाही, असे तिथे स्पष्ट लिहिले आहे. प्रत्यक्षात पुष्कळदा बंदी रिस्टार्टशिवायही लागते, म्हणून तर तुमची निम्मी मशीन शहाण्यासारखी वागली. पण भरवसा रिस्टार्टचाच. जीपीअपडेट या सेटिंगसाठी 'रिस्टार्ट करू का?' असे विचारत नाही, त्यामुळे कोणाला शंकाही येत नाही.

तुम्ही म्हणाल, काल संध्याकाळी सगळे बंद केले होते की. इथेच गोम आहे. विंडोज ८ पासून 'फास्ट स्टार्टअप' नावाची सोय आहे. ती चालू असली तर 'शट डाउन' केल्यावर मशीनचा गाभा बंद होत नाही. तो डिस्कवर जसाच्या तसा झोपवून ठेवला जातो आणि सकाळी जागा होतो. 'रिस्टार्ट' केले तरच सगळे खरोखर नव्याने सुरू होते. टास्क मॅनेजरमध्ये परफॉर्मन्सखाली सीपीयूचा 'अप टाइम' बघा. रोज संध्याकाळी इमानदारीने मशीन बंद करणाऱ्या कारकुनाचा पीसी बारा-पंधरा दिवस 'चालू' असल्याचे दिसेल, आणि तो बिचारा शपथेवर सांगेल की मी कालच बंद केला होता. दोघेही खरे बोलतात. तेव्हा या ढिगाला जीपीअपडेट नको, एक खरा रिस्टार्ट हवा.

दुसरा ढीग: पॉलिसीचे नाव लागलेल्यांत नाही आणि गाळलेल्यांतही नाही. म्हणजे पीसीच्या दृष्टीने ती पॉलिसी अस्तित्वातच नाही. हे मशीन नवे आहे का ते बघा. नवा पीसी डोमेनला जोडला की तो मुळात 'कॉम्प्युटर्स' नावाच्या डब्यात जाऊन पडतो. तो डबा ओयू (पीसी किंवा युजर गटाने ठेवायचा, पॉलिसी जोडता येणारा कप्पा) नाही, त्याला पॉलिसी जोडताच येत नाही. जुने पीसी पूर्वीच्या माणसाने नीट ओयूत हलवून ठेवलेले असतात, नंतर आलेले तसेच डब्यात राहतात, आणि 'निम्म्यांना लागते, निम्म्यांना नाही' हे चित्र तयार होते. मशीन ओयूत हलवा, थोडा वेळ द्या, मग रिस्टार्ट. पुढे हे टाळायचे तर 'रेडिरसीएमपी' कमांडने नव्या मशीनची मूळ जागाच बदलून टाका. एकदा केले की झाले.

याच ढिगातली सख्खी बहीण: सेटिंग कॉम्प्युटरच्या भागात केले आणि पॉलिसी जोडली ज्या ओयूत फक्त युजर आहेत तिला. कॉम्प्युटरचा भाग कॉम्प्युटरच्या ओयूवरूनच येतो. पंचवीस वर्षे हे काम केलेल्या माणसाच्या हातूनही ही चूक होते. कोणाच्या, ते विचारू नका.

गाळलेल्यांच्या यादीत नाव असेल तर कारण शेजारीच लिहिलेले असते, म्हणून त्यावर फार लिहीत नाही. दोनच सूचना. पॉलिसी एखाद्या ग्रुपपुरती मर्यादित केली असेल आणि पीसीला आजच त्या ग्रुपात घातले असेल, तर पीसीला ते रिस्टार्टनंतरच कळते. युजरला लॉग ऑफ करून पुन्हा आल्यावर. दुसरी: युजरच्या पॉलिसीतून 'ऑथेंटिकेटेड युजर्स' काढून टाकले असेल तर पॉलिसी वाचण्याचा हक्क कॉम्प्युटरच्या खात्याला राहत नाही. जून २०१६ च्या सुरक्षा अपडेटपासून युजरची पॉलिसीसुद्धा कॉम्प्युटरच्या ओळखीने वाचली जाते. निदान 'डोमेन कॉम्प्युटर्स'ला वाचण्याचा हक्क परत द्या.

राहिले काणकोण, आणि हे प्रकरण मला सगळ्यात रंजक वाटते. जीपीरिझल्टमध्ये 'कोणत्या कंट्रोलरकडून' या ओळीत तिथलाच कंट्रोलर दिसेल. पॉलिसी तुम्ही फोंड्याला लिहिली; ती आधी काणकोणच्या बेकरीत पोचायला हवी. दोन साइटमधले रेप्लिकेशन (एका ठिकाणच्या कंट्रोलरवरचे बदल दुसरीकडच्या कंट्रोलरवर उतरवणे) कोणी हात न लावता ठेवले असेल तर दर १८० मिनिटांनी होते. १८० अधिक ९० अधिक ३० धरले तर सकाळी १० ला लावलेली पॉलिसी दुपारी ३ पर्यंत तिथल्या शेवटच्या मशीनवर लागायला हवी. तुम्ही ती काल लावली. म्हणजे हा उशीर नव्हे, बिघाड आहे. दम धरवत नाही म्हणून कंट्रोलरवर 'रेपअ‍ॅडमिन /सिंकऑल' मारणारे मी बरेच पाहिलेत. मारायला हरकत नाही, पण आधी 'रेपअ‍ॅडमिन /रेप्लसमरी' मारून शेवटचे रेप्लिकेशन कधी झाले ते वाचा.

आणि तिथे सगळे ठीक दिसले तरी फसू नका. पॉलिसीचे दोन तुकडे असतात. एक अ‍ॅक्टिव्ह डिरेक्टरीत (डोमेनच्या नोंदवहीत), दुसरा प्रत्येक कंट्रोलरवर असलेल्या सिसव्हॉल या सामायिक फोल्डरमध्ये, आणि खरी सेटिंग्ज या दुसऱ्यात. दोघांचे रस्ते वेगळे. रेपअ‍ॅडमिन फक्त पहिल्याची हमी देतो. दुसरा तुकडा डीएफएसआर नावाची सेवा नेते, आणि ती आपल्या पावसाळ्याला फार घाबरते. जूनमध्ये वादळी वाऱ्याने झाड तारांवर पडले, लाइट गेली, शाखेतला यूपीएस दहा मिनिटे ओरडून मेला, सर्व्हर धाडकन बंद. लाइट आल्यावर सर्व्हर सुरू होतो, लॉगिन चालते, प्रिंटर चालतो, कोणाची काही तक्रार नाही. पण विंडोज सर्व्हर २०१२ वर अशा अचानक बंद पडण्यानंतर डीएफएसआर रेप्लिकेशन थांबवून ठेवते आणि माणसाने येऊन 'चालू कर' म्हणण्याची वाट बघते. त्याची नोंद इव्हेंट व्ह्यूअरमध्ये 'डीएफएस रेप्लिकेशन'खाली २२१३ क्रमांकाने पडते. ती नोंद पूर्ण उघडा. पुन्हा सुरू करण्याची कमांड तिच्या मजकुरातच दिलेली असते. आधी सिसव्हॉलची एक प्रत बाजूला काढून ठेवा, मग ती चालवा. मात्र हे थांबणे ६० दिवसांपेक्षा जुने असेल तर नुसत्या त्या कमांडने काम होत नाही, ४०१२ ची नोंद दिसू लागते आणि सिसव्हॉल नव्याने जुळवून घ्यावे लागते. तसे निघाले तर आजच्या आज हात घालू नका, ऑडिट होऊ द्या.

यात एक खूण लक्षात ठेवण्यासारखी आहे. पेनड्राइव्हसाठी तुम्ही अगदी नवी पॉलिसी बनवली असती आणि तिचा सिसव्हॉलचा तुकडा पोचला नसता, तर काणकोणच्या मशीनवर जीपीअपडेट चक्क फसले असते आणि सिस्टमच्या नोंदीत १०५८ क्रमांक आला असता: जीपीटी.आयएनआय फाइल सापडत नाही. तुम्ही म्हणता तिथेही 'यशस्वी' आले. यावरून मला वाटते, तुम्ही नवी न बनवता आधीच्याच एखाद्या पॉलिसीत हे कलम घातले आहे. जुनी फाइल तिथे आहेच, पीसी ती वाचतो, जुनेच कलम लावतो आणि समाधानाने यशस्वी म्हणतो. खात्री करायची तर ग्रुप पॉलिसी मॅनेजमेंटमध्ये डोमेनवर क्लिक करून 'स्टेटस' टॅबमधले 'डिटेक्ट नाऊ' दाबा. कोणता कंट्रोलर मागे पडला आहे ते नावासकट दिसेल. यासाठी करमल घाट चढून-उतरून काणकोणला जायची गरज नाही.

घड्याळ आणि डीएनएस (नावावरून मशीनचा पत्ता शोधून देणारी सेवा) ही दोन नेहमीची कारणे मी मुद्दाम मागे ठेवली, कारण तुमच्याकडच्या 'यशस्वी'ने ती जवळपास बाद होतात. घड्याळ ५ मिनिटांहून जास्त चुकले तर कर्बेरॉस (डोमेनचा ओळख तपासणारा पहारेकरी) दारातच अडवतो आणि अपडेट फसते. डीएनएस चुकीचा असेल तर कंट्रोलरच सापडत नाही आणि ११२९ ची नोंद येते. तरी साखळीच्या शाखेत 'आयपीकॉन्फिग /ऑल' मारून बघाच. लहान शाखांत नेट बंद पडले की कनेक्शनवाला येतो, दुसरा डीएनएस म्हणून ८.८.८.८ हा बाहेरचा, गूगलचा पत्ता टाकतो आणि चहा पिऊन जातो. नेट चालते, आणि लॉगिनही चालते, कारण विंडोज मागच्या लॉगिनची आठवण ठेवते. डोमेनचा पत्ता मात्र कधी सापडतो, कधी नाही. डोमेनमधल्या पीसीच्या डीएनएसमध्ये स्वतःच्या कंट्रोलरशिवाय दुसरे काहीही नको, दुसऱ्या क्रमांकालासुद्धा नको.

आता तुम्ही मागितलेली कमांड. सर्व्हर २०१२ पासून ग्रुप पॉलिसी मॅनेजमेंटमध्ये ओयूवर उजवे क्लिक केले की 'ग्रुप पॉलिसी अपडेट' असा पर्याय येतो. त्या ओयूतल्या आणि तिच्या पोटातल्या ओयूंतल्या सगळ्या मशीनवर तो एक शेड्यूल्ड टास्क (ठरल्या वेळी आपोआप चालणारे काम) टाकतो, आणि १० मिनिटांच्या आत प्रत्येक मशीन आपापल्या वेळी /फोर्ससह अपडेट घेते. पॉवरशेलमध्ये हेच काम 'इन्व्होक-जीपीअपडेट' करते. 'गेट-एडीकॉम्प्युटर'ने ओयूतली नावे काढायची आणि एकेक नाव त्याला '-कॉम्प्युटर' म्हणून द्यायचे. '-रँडमडिलेइनमिनिट्स ०' दिले तर लगेच होते, पण समोर बसलेल्याच्या पडद्यावर काळी खिडकी चमकून जाते आणि पाठोपाठ फोन येतो: "पात्रांव, व्हायरस आयलो!" मी ० देत नाही.

हे चालायला समोरच्या मशीनच्या फायरवॉलमध्ये रिमोट शेड्यूल्ड टास्कचे आणि डब्ल्यूएमआयचे (विंडोज दुरून हाताळण्याच्या सोयीचे) नियम उघडे हवेत. त्यासाठी 'स्टार्टर जीपीओ' (पॉलिसीचा तयार साचा) मिळतो, 'ग्रुप पॉलिसी रिमोट अपडेट फायरवॉल पोर्ट्स' या नावाचा. गंमत अशी की हे नियमही पॉलिसीनेच जायचे, म्हणजे पहिल्या वेळी नेहमीचा दीड-दोन तासांचा फेरा टळत नाही. आणि खिडकीत दिसणारे 'यशस्वी' इथेही मर्यादितच आहे: टास्क टाकला गेला, एवढेच.

एक स्विच (कमांडच्या पुढे जोडायचा पर्याय) मात्र जपून. '/बूट' लावले तर अपडेटनंतर गरज असल्यास मशीन रिस्टार्ट होते, आणि '/लॉगऑफ' तसेच युजरला बाहेर काढते. सॉफ्टवेअर इन्स्टॉल करणे आणि फोल्डर रिडायरेक्शन (युजरची फोल्डर सर्व्हरवर वळवणे) या दोन गोष्टी मशीन चालू असताना लागत नाहीत, सुरू होताना किंवा लॉगिनच्या वेळीच लागतात, म्हणून हे स्विच आहेत. किनाऱ्याजवळच्या एका हॉटेलात डिसेंबरमध्ये मी असेच एक सॉफ्टवेअर पाठवले आणि फ्रंट ऑफिसच्या सहाही मशीनवर /फोर्स /बूट मारले. दुपारचे बारा वाजले होते, म्हणजे चेक-इनची वेळ. सहाही पडदे एकदम काळे. समोर सामानासकट उभी असलेली पाहुण्यांची रांग आणि माझ्याकडे काही न बोलता बघणारा मॅनेजर मला अजून दिसतो. रागावला असता तर बरे झाले असते.

आज करायचे ते असे. जेवणाच्या सुट्टीत फोंडा आणि मडगाव शाखेत सर्वांना 'शट डाउन नव्हे, रिस्टार्ट' करायला सांगा, हे शब्द तसेच्या तसे वापरा. तोवर 'कॉम्प्युटर्स' डब्यात पडलेली मशीन ओयूत हलवून ठेवा, म्हणजे तीही त्याच रिस्टार्टमध्ये सुधारतील. सेटिंग 'ऑल रिमूव्हेबल स्टोरेज क्लासेस: डिनाय ऑल अ‍ॅक्सेस' हेच आहे ना, ते पुन्हा बघा. फक्त 'रिमूव्हेबल डिस्क्स' बंद केले असेल तर ऑडिटर खिशातला मोबाइल केबलने जोडून दाखवेल, कारण मोबाइलचा वर्ग वेगळा आहे. सगळे वर्ग बंद केल्यावर अकाउंट्सच्या डिजिटल सहीच्या टोकनची चाचणी घ्या. सही चालू राहते, पण काही टोकनमध्ये ड्रायव्हर ठेवायला आत एक छोटी सीडी असते, ती दिसेनाशी होते; ड्रायव्हर आधीच टाकून ठेवला की अडत नाही.

ऑडिटरला दाखवायला प्रत्येक शाखेतल्या दोन-तीन मशीनवर 'जीपीरिझल्ट /एच' देऊन पुढे फाइलचे नाव लिहा. ब्राउझरमध्ये उघडणारा नीटस अहवाल तयार होतो, त्यात पॉलिसी कोणत्या तारखेला, कोणत्या कंट्रोलरकडून लागली ते असते. काळ्या खिडकीतल्या 'यशस्वी'चा फोटो देऊ नका.

काणकोणच्या एका मशीनचा जीपीरिझल्ट आणि तिथल्या कंट्रोलरवर २२१३ ची नोंद आहे की नाही, असल्यास किती तारखेची, एवढे कळवा. तारीख ६० दिवसांच्या आतली निघाली तर आज संध्याकाळीच ते उरकू.